वादी नेमका केव्हा वारला

आमचे बाबा कोर्टात वारले. आजारी नव्हते, अंथरुणाला खिळले नव्हते, काही नाही. आपल्याच दाव्याच्या शेवटच्या तारखेला, आपलाच वकील बोलत असताना, मागच्या बाकावर बसल्या बसल्या गेले. भेटायला येणारे म्हणाले, किती छान मरण, कुणाला म्हणून त्रास नाही. कुणाला त्रास नाही म्हणे! त्यानंतर दोन महिने अख्खं कोर्ट एकच प्रश्न घेऊन बसलं होतं, की हा माणूस नेमका किती वाजता मेला.

आधी मुळापासून सांगते, नाहीतर तुम्ही म्हणाल, ही बाई मधूनच सुरू होते.

आमचं दुकान खिळेमोळ्यांचं. बिजागऱ्या, कड्या, कोयंडे नगावर; खिळे आणि स्क्रू वजनावर. बाबांचा तराजू जुना, दांडीचा. हातात धरायचा, दोन्हीकडे पारडी लोंबतात तो. इलेक्ट्रॉनिक काटा घ्या म्हणून मी डोकं फोडून घेतलं, पण ते म्हणायचे, “यंत्राला शरम नसते.” समोर सुतारकाकांचा कारखाना. रस्ता एवढा अरुंद, की काकांनी रंधा मारला की भुसा आमच्या गल्ल्यावर. तीस वर्षं दोघांनी एकमेकांच्या आयुष्यात नाक खुपसलं आणि दोघांचंही बरं चाललं होतं.

मग ते अकरा खिळे आले. काकांनी एका कपाटासाठी किलोभर खिळे नेले आणि काम संपता संपता अकरा कमी पडले. दुसरा कुणी असता तर अकरा खिळे आणखी घेऊन गेला असता. पण हा सुतार! दोन माणसं दुकानात उभी असताना येऊन म्हणाला, “अरे, वजनात मारलंस तू मला.” बाबा म्हणाले, “तुझे ठोकताना वाकले असतील.” काका म्हणाले, “माझा खिळा वाकत नाही.” बाबा म्हणाले, “आणि माझा हात चुकत नाही.” झालं. दोन म्हातारे, आणि दोघांचंही कधीच काही चुकत नाही. अशा वेळी देवाने यावं आणि दोघांच्या कानाखाली एकेक द्यावी, पण देवालाही आपली अब्रू असते.

आठ दिवसांनी कारखान्याच्या दारावर फळी लागली. अपमान करायचा तर तोसुद्धा सागवानात! दोन हात लांब फळी, कडेला नक्षी, वर पॉलिश, आणि मधोमध कोरून काढलेली अक्षरं: समोरचा दांडी मारतो. नाव नाही, गाव नाही. पण समोर कोण, हे शेंबड्या पोरालाही कळत होतं.

बाबांनी दावा ठोकला. अब्रूनुकसानीचा. भरपाई नको, फक्त ती फळी उतरवा आणि कोर्टाने लिहून द्यावं की हा माणूस दांडी मारत नाही. आई म्हणाली, “अहो, रस्ता ओलांडून जा आणि एक शब्द बोला. चार पावलं आहेत.” बाबा म्हणाले, “ती चार पावलं त्याने टाकावीत.” तिने कपाळावर हात मारला. पुढे वकिलाने तिला साक्षीला बोलवायचं म्हटलं, तर ती म्हणाली, “मला शपथबिपथ घालू नका,” आणि जी आत गेली ती बाहेर आलीच नाही. मला वाटलं, कोर्टाला घाबरली.

आमचे वकीलसाहेब भले गृहस्थ. कायदा पाठ, कोट इस्त्रीचा, आवाज खणखणीत. फक्त एक खोड. बोलायला लागले की दर पंधरा-वीस मिनिटांनी म्हणायचे, “एवढं बोलून मी थांबतो,” आणि थांबायचे नाहीत. एक श्वास घ्यायचे, चष्मा पुसायचे आणि “तथापि” म्हणून परत सुरू. कोर्टात त्यांचं नावच पडलं होतं थांबतोसाहेब. त्यांचं भाषण असलं की पुकारा करणारा शिपाई डबा खाऊन यायचा.

समोरची वकीलबाई तरुण आणि महा बिलंदर. तिने बचाव काय घेतला, ऐका. जजबाईंना म्हणाली, “मॅडम, दांडी मारणे म्हणजे गैरहजर राहणे. शाळेला दांडी, कामाला दांडी. वादी दुपारी ‘आत्ता येतो’ अशी पाटी लावून तीन-तीन तास गायब असतात. माझ्या अशिलाने एवढंच म्हटलं आहे. यात अब्रू कुठे गेली?” कोर्टात हसण्याचा धबधबा. थांबतोसाहेबांनी दुसऱ्या तारखेला एवढा जाड शब्दकोश आणला, की तो उचलायला दोघं लागले. त्यात दोन्ही अर्थ निघाले. मग चार वर्षं चार माणसं सरकारी पंख्याखाली बसून दांडी या शब्दावर भांडत होती, आणि बाबा दर तारखेला दुपारचं दुकान बंद करून जात होते. म्हणजे वकीलबाईचा मुद्दा दर तारखेला थोडा थोडा खरा होत होता, पण हे त्यांना सांगणार कोण?

तर शेवटची तारीख. आमच्या बाजूचं शेवटचं भाषण तेवढं बाकी, मग निकाल. त्या खोलीतले सगळे बाक डुगडुगायचे. मागे फायलींच्या कपाटाच्या आड एकच धड होता, आणि तो कुठला हे ज्याला लाकूड कळतं त्याला पहिल्याच दिवशी कळलं होतं. काका त्यावर बसायचे. बाबांची कंबर धरलेली, म्हणून तेही तिथेच. चार वर्षं एकमेकांशी अबोला आणि बसायला एकच बाक. मध्ये बाबा आपली पिशवी ठेवायचे, सीमारेषा म्हणून.

मी दोन रांगा पुढे होते. थांबतोसाहेब सुरू झाले. माझे अशील निष्कलंक, माझे अशील धुतल्या तांदळासारखे, ज्यांच्या हाताने आयुष्यात एक खिळा इकडचा तिकडे झाला नाही. अकरा पन्नासला पहिला थांबतो. बारा पाचला दुसरा. त्यानंतर जरा वेळाने मी मागे वळून पाहिलं. बाबांचा चष्मा नाकाच्या टोकावर आला होता. त्यांना दर मिनिटाला तो बोटाने वर सारायची सवय, पण तेव्हा सारला नाही. डोकं काकांच्या खांद्यावर. आणि काका ताठ, भिंतीकडे बघत. माझ्या मनात काय आलं, खरं सांगू? मला संताप आला. एवढं मोठं भाषण चाललंय आणि हा माणूस झोपलाय, आणि तोही कुणाच्या खांद्यावर! मी रागाने मान फिरवली. बारा पंचवीसला तिसरा थांबतो आला आणि साहेब खरंच थांबले. जजबाई उठल्या, सगळे उभे राहिले. मागून काकांचा आवाज आला, “अरे, कुणीतरी या इकडे. हा उठत नाहीये.”

मी वळून पाहिलं होतं, हे मी कुणालाही सांगितलं नाही.

डॉक्टरांनी लिहून दिलं, मृत्यू बारा ते साडेबाराच्या दरम्यान. आता तुम्हाला वाटेल, पाच मिनिटं इकडे, पाच मिनिटं तिकडे, मेलेल्या माणसाला काय फरक पडतो? आम्हालाही तसंच वाटलं. मग कोर्टाचा कागद आला. वकीलबाईने अर्ज टाकला होता, की वादी मेला, सबब दावाही मेला.

थांबतोसाहेब घरी आले आणि आईसमोर बसून समजावून सांगू लागले. म्हणाले, जमिनीचा दावा असता, तर तुम्ही वारस म्हणून पुढे चालवला असता. पण अब्रू ही ज्याची त्याची. ती मुलीला मिळत नाही, बायकोला मिळत नाही. माणूस गेला की त्याच्याबरोबर त्याचा अब्रूचा दावाही जातो. फक्त एक पळवाट आहे. दोन्हीकडची भाषणं संपल्यावर आणि निकालाआधी माणूस गेला, तर दावा मरत नाही. कोर्ट निकाल देतं, जणू तो जिवंतच आहे. “म्हणजे,” साहेब म्हणाले, “तुमचे यजमान माझं भाषण संपल्यावर गेले असतील, तर आपण जिवंत आहोत. आधी गेले असतील, तर आपण मेलो.”

आई म्हणाली, “तुमचं भाषण संपायची वाट बघत बसले असते, तर अजून दहा वर्षं जगले असते.”

मला हसू आलं आणि मग हसता हसता भयंकर रडू आलं. कारण दावा मेला, तर ती फळी कायम. उद्या मी गल्ल्यावर बसणार, हातात तोच तराजू धरणार आणि समोर सागवानात कोरलेलं असणार, दांडी मारतो. बाबा गेले, आता समोरची म्हणजे मी. आणि माझे बाबा चोर नव्हते. हे मला कुणीतरी मोठ्याने, कोट घालून, शिक्का मारून सांगायला हवं होतं. मी पंचेचाळीस वर्षांची घोडी, पण त्या दिवसांत मला तेवढंच हवं होतं.

अर्जाच्या सुनावणीला थांबतोसाहेबांनी जे केलं, ते बघायला लोकांनी तिकीट काढलं असतं. त्यांचं म्हणणं, की भाषण पहिल्या थांबतोलाच संपलं होतं. अकरा पन्नासला. तेव्हा वादी ठणठणीत जिवंत होता, कारण त्यानंतर तो खोकला, अशी स्टेनोच्या वहीत नोंद आहे.

जजबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. “वकीलसाहेब, त्यानंतर आपण पस्तीस मिनिटं बोलत होतात.”

“ते भाषण नव्हतं, मॅडम.”

“मग काय होतं?”

साहेबांनी आवंढा गिळला. तीस वर्षांची वकिली त्या आवंढ्यातून खाली गेली असणार. “ते... निरर्थक होतं, मॅडम. त्यात एकही मुद्दा नव्हता.”

“एकही नाही?”

“शपथेवर सांगतो. नुसती बडबड.”

वकीलबाई उठली. म्हणाली, “मॅडम, माझी हरकत आहे. माझे विद्वान मित्र बारा वाजून दहा मिनिटांनी फार सुंदर बोलले. मी टिपून घेतलं आहे.” आणि तिने वाचून दाखवलं. खरंच सुंदर होतं. साहेबांचा चेहरा असा झाला, की खुश व्हावं की मरावं हे त्यांना कळेना. शेवटी ते म्हणाले, “मी अशिलाच्या हितासाठी माझी स्तुती नाकारतो. एवढं बोलून मी थांबतो,” आणि चष्मा पुसून, “तथापि.” कोर्ट एवढं हसलं की ज्या शिपायाला “शांतता” म्हणायचं होतं तोच तोंडाला रुमाल लावून बाहेर पळाला.

वकीलबाईने जाता जाता एक पिंक टाकलीच. म्हणाली, “आणि वादी आजही गैरहजर आहेत, हे नमूद व्हावं.” जजबाईंनी तिला झापलं. पण मला खरं विचाराल तर बाबा असते तर तेच सगळ्यात आधी हसले असते.

जजबाई म्हणाल्या, थांबतो म्हणणं म्हणजे थांबणं नव्हे. भाषण बारा पंचवीसला संपलं. तेव्हा वादी जिवंत होता की नाही एवढंच मला ठरवायचं आहे. डॉक्टर सांगू शकत नाहीत. वादीच्या शेजारी कोण बसलं होतं?

सगळ्यांच्या माना हळूहळू मागे वळल्या. धड बाकावर काका एकटेच बसले होते.

म्हणजे बघा गंमत. आमचा दावा जगणार की मरणार, हे ज्याच्यावर दावा ठोकला त्याने सांगायचं. त्याने म्हणायचं, आधीच मेला होता, की फळी जागच्या जागी आणि हा घरी. जगात असा कोण माणूस आहे, जो स्वतःच्या हाताने आपल्या गळ्यात फास घालील? पुढची तारीख साक्षीसाठी पडली.

घरी आल्यावर आई म्हणाली, “जा त्याच्याकडे.” मी म्हटलं, “मेले तरी जाणार नाही.” ती म्हणाली, “एक जण तसं म्हणून गेलाच आहे.” मी चप्पल घातली आणि गेले.

काका खुर्चीचा पाय तासत होते. मला पाहून हात थांबवला नाही. मी ठरवून गेले होते, की रडायचं नाही, हात जोडायचे नाहीत. मी म्हणाले, “काका, मला फक्त खरं काय ते विचारायचंय.” आत मात्र जीव टांगणीला होता. कारण खरं काय ते मला माहीत होतं. चष्मा नाकाच्या टोकावर होता आणि तो कुणी वर सारला नव्हता. मला खरं नकोच होतं. मला खोटं हवं होतं आणि ते मागायची लाज वाटत होती.

ते म्हणाले, “जे सांगायचं ते पिंजऱ्यात उभं राहून सांगेन. तू जेवलीस का?”

मला एवढा राग आला, की मी उत्तर न देता निघाले. दारातून बाहेर पडताना त्या फळीला खांदा घासला. नव्याने पॉलिश केलेली होती. पॉलिश माझ्या बाहीला लागलं.

साक्षीच्या दिवशी आईसुद्धा आली. काका पिंजऱ्यात उभे राहिले. शपथ घेतली. वकीलबाईने हळूच त्यांच्याकडे बघून मान हलवली, की काका, एवढं एक वाक्य म्हणा आणि संपवा.

जजबाईंनी विचारलं, “वकीलसाहेबांचं भाषण पूर्ण झालं, त्या वेळी वादी जिवंत होते का?”

“होते.”

वकीलबाईच्या हातातलं पेन पडलं. “काका!” ती म्हणाली. कोर्टात, आपल्याच अशिलाला, “काका!”

“आपल्याला खात्री आहे?” जजबाई म्हणाल्या. “कशावरून?”

“बोलला ना तो. साहेब तिसऱ्यांदा थांबतो म्हणाले आणि खरंच खाली बसले, तेव्हा हा माझ्या कानाशी म्हणाला, ‘सुटलो बाबा एकदाचा.’”

“सुटलो म्हणाले?”

“हो.”

“कशातून?”

“वकिलातून, मॅडम.”

हशा थांबायला पाच मिनिटं लागली. थांबतोसाहेब स्वतः हसत होते आणि डोळे पुसत होते. मी हसले नाही. मी आईकडे पाहिलं. ती मान खाली घालून पदराचा काठ बोटाला गुंडाळत होती आणि सोडत होती.

निकाल त्याच दुपारी झाला. जजबाईंनी वाचलं, की ज्या दुकानात तराजू आहे त्या दुकानासमोर लिहिलेली दांडी ही तराजूचीच असणार, शाळेची नव्हे. वजनमापवाले चार वर्षांत तीनदा तराजू तपासून गेले, तो तिन्ही वेळा बरोबर निघाला. प्रतिवादीने दुसरा पुरावा आणला नाही. सबब वादी दांडी मारत होता हे सिद्ध होत नाही. फळी उतरवावी. जणू बाबा तिथे बसून ऐकत होते असं वाचलं त्यांनी, नियमाप्रमाणे.

मला वाटलं होतं, मी नाचेन. पण मी धावत जाऊन पायऱ्यांवर काकांना गाठलं.

“काका, तुम्ही खोटं बोललात.”

“हो.”

“मी वळून पाहिलं होतं. त्याआधीच गेले होते ते.”

“सव्वाबाराच्या आधीच,” काका म्हणाले. “आधी मला वाटलं झोपला. पण तुझा बाप झोपला की घोरतो. घोरला नाही, तेव्हा कळलं. हात पाहिला तर गार.”

“मग ओरडला का नाहीत?”

“काय ओरडू? समोर तो वकील याची एवढी स्तुती करत होता. चार वर्षं वाट बघितली होती त्या भाषणाची. पूर्ण होऊ दे म्हटलं.”

मी पायरीवरच बसले. तेही बसले, जरा अंतर ठेवून. मी विचारलं, “पण खोटं का? तुम्ही जिंकत होतात की.”

काकांनी बोटाला लागलेलं पॉलिश नखाने खरवडलं. मग म्हणाले, “पोरी, तुला वाईट वाटेल. तुझा बाप दांडी मारायचा. तराजूत काही खोट नव्हती, खोट करंगळीत होती. तराजू उचलताना खिळ्यांच्या बाजूला करंगळी दांडीवर टेकवायचा. सगळ्यांना नाही. जो घाईत असेल त्याला. मी घाईत होतो त्या दिवशी.”

मला ओरडायचं होतं, की खोटारडे, थेरडे, मेलेल्या माणसाबद्दल बोलता! पण ते खोटं आहे असं म्हणता येईना. कारण मी ती करंगळी पाहिली होती. लहानपणापासून. मला वाटायचं, ती त्यांची ऐट आहे. मी आरशासमोर उभी राहून तसं बोट करायची. आईने शपथ का घेतली नाही, तेही त्या पायरीवर कळलं.

“मला फक्त एकदा ऐकायचं होतं,” काका म्हणाले. “चुकलं रे, एवढंच. म्हणाला असता तर त्याच दिवशी फळी जाळली असती. नाही म्हणाला. तीस वर्षांचा दोस्त आणि मला सांगतो, तुझेच खिळे वाकले असतील! त्या दिवशी बाकावर बसलो होतो. दुसऱ्या थांबतोनंतर वकील परत म्हणाला, धुतल्या तांदळासारखे माझे अशील. तुझ्या बापाने ती पिशवी उचलून खाली ठेवली. मला कोपर मारलं आणि म्हणाला, ‘ऐकतोयस ना? एवढा चांगला मी कधी होतो रे?’”

काकांनी आपला खांदा चोळला. “आम्ही दोघं तोंड दाबून एवढे हसलो, की बाक हलला. तो धड बाक. आणि हसता हसता डोकं टेकलं त्याने. संपलं. मला ऐकायचं होतं ते मी ऐकलं. त्याला ऐकायचं होतं ते राहिलं होतं. म्हटलं, देऊन टाकू.”

मी तिथे, कोर्टाच्या पायऱ्यांवर, येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर ढसाढसा रडले. बाबांवर राग आला होता, आणि ते नाहीत म्हणून तो कुठे ठेवायचा हे कळत नव्हतं. काकांनी खिशातला रुमाल दिला. त्यात भुसा होता. मी शिंकले, तेव्हा ते म्हणाले, “बापावर गेलीस.” कशात, ते मी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी स्क्रूड्रायव्हर घेऊन फळी उतरवली. कोर्टाने आठ दिवस दिले होते, यांनी एक दिवससुद्धा घेतला नाही. मग रस्ता ओलांडून आमच्या दुकानात आले. चार वर्षांनी. उंबऱ्याशी क्षणभर घुटमळले.

“एक इंची. पाव किलो दे.”

मी तराजू उचलला. चारही बोटं मुठीत घट्ट आवळली, अंगठ्याने वरची दोरी धरली आणि हात एवढा लांब ताणला, की खांदा दुखायला लागला. एकीकडे वजन, दुसरीकडे खिळे. दांडी वरखाली होऊन सरळ झाली. काका बघत होते. मला सहन होईना. मी डब्यातून मूठभर खिळे घेतले आणि त्यांच्या पारड्यात वरून टाकले. पारडं धाडकन खाली गेलं.

“घ्या, काका. हे राहू द्या.”

त्यांनी पारड्यात हात घातला. एकेक खिळा उचलून माझ्या गल्ल्यावर ठेवत गेले, दांडी परत सरळ होईपर्यंत.

“जास्त नको,” ते म्हणाले. “बरोबर दे.”

मी बरोबर दिले.